थंड डोक्याने वाचावे

पाकीट फोडण्याचा मान बिंदुमाधवाला मिळाला तो मयताच्याच इच्छेने. मयत, म्हणजे खंडोजी, चामराजपेटेतल्या आपल्या घराच्या बैठकीत मधोमध, भाड्याने आणलेल्या फ्रीझर बॉक्समध्ये काचेखाली पडला होता. मुलगी सुप्रीता मस्कतहून दुपारी चारला पोचायची होती आणि पाचला न्यायचे ठरले होते. तोवर एप्रिलच्या उन्हात त्याला राखून ठेवणे भाग होते. पेटीचे मशीन घुरघुरत होते. आयुष्यभर ज्याने घरातला पंखा दोनाच्या वर जाऊ दिला नाही, तो उणे पंधरा अंशांत गारठून पडला होता आणि त्याबद्दल चकार शब्द काढत नव्हता.

पाकिटावर खंडोजीच्या ठसठशीत अक्षरात लिहिले होते : 'बिंदूने सगळ्यांसमोर उघडावे. थंड डोक्याने वाचावे.' भाषा मराठी, अक्षरे कानडी. बेंगळुरूत दहा-बारा पिढ्या काढलेल्या या घरांमध्ये बोलायचे मराठीत आणि लिहायचे कानडीत असा रिवाज आहे. शाळा कानडी, त्यामुळे लिपी कानडी. लिहिता लिहिता कुठे मराठी संपते आणि कुठे कानडी सुरू होते, हे लिहिणाऱ्यालाही सांगता येत नाही.

"थंड डोक्यानं," खंडोजीचा थोरला चुलतभाऊ देवाप्पा सगळ्यांकडे बघत म्हणाला, "म्हणजे आत काहीतरी गरम आहे. कुणी भांडायचं नाही. मयत घरात आहे." देवाप्पाला सभा चालवायची सवय होती. बारसे असो, बारावे असो, माईक त्याच्या हातात आपोआप जाई.

बिंदुमाधवाने पाकीट फोडले. चार घड्यांचा कागद उलगडला, चष्मा वर सरकवला, घसा खाकरला आणि तो थांबला.

"वाच की बिंदू," देवाप्पा म्हणाला.

"काही नाही, अण्णा."

"जड जातंय. जाणारच. साठ वर्षांची दोस्ती. कुणीतरी त्याला स्वल्प पाणी द्या रे."

"तसं नाही. कागदावर काही नाही. कोरा आहे."

कागद हातोहात फिरला. खंडोजीचा मुलगा प्रणीत व्हाइटफील्डला कंपनीत मोठ्या हुद्द्यावर होता. त्याने तो ट्यूबलाइटसमोर धरला, तिरका केला, मोबाईलचा उजेड टाकून पाहिला. देवाप्पाने तर वास घेतला. मग मागच्या रांगेतून कुणीतरी हळूच म्हणाले, "जाता जाता पण खोडी केलीच की खंडोजीअण्णानं," आणि दाबलेल्या हसण्याची एक लाट खोलीभर फिरून गेली. माणसे तोंडावर रुमाल धरून हसली. रडणाऱ्याचे आणि हसणाऱ्याचे खांदे सारखेच हलतात, त्यामुळे बाहेरून पाहणाऱ्याला काही वावगे वाटले नसते.

हसण्यासारखे होतेच. खंडोजी आणि बिंदुमाधव हे एका सरकारी कचेरीत चौतीस वर्षे समोरासमोरच्या टेबलांवर बसलेले कारकून. काळ्या टेलिफोनच्या कानाला शिक्क्याची शाई फासून हेडक्लार्कचा कान आठवडाभर जांभळा ठेवणारे हेच. पंचिंग मशीनमधल्या कागदाच्या टिकल्या महिनाभर साठवून साहेबांच्या मिटलेल्या छत्रीत ओतणारे हेच. तारखेचा शिक्का एक दिवस पुढे सरकवून अख्ख्या कचेरीला शनिवारच्या जागी रविवार दाखवणारेही हेच. त्या माणसाने मरताना कोरा कागद ठेवला, तर ते त्याच्या लौकिकाला साजेसेच होते.

फक्त दोन माणसे हसली नाहीत. एक खंडोजीची बायको पद्मावती, जी उठली आणि स्वयंपाकघरात गेली. दुसरा बिंदुमाधव. कारण कागद कोरा का होता हे त्या खोलीत फक्त त्यालाच ठाऊक होते.

ते पेन त्याने दिले होते.

जानेवारीत खंडोजीला एकाहत्तरावे लागले तेव्हा बिंदुमाधवाने अव्हेन्यू रोडवरच्या स्टेशनरीच्या दुकानातून एक निळे पेन आणले होते. दिसायला चारचौघांसारखे. सोबतच्या चिठ्ठीत लिहिले होते की या पेनाची शाई उष्णतेने नाहीशी होते आणि कडक थंडीत, बर्फाच्याही खालच्या थंडीत, परत उमटते. चिठ्ठी बिंदुमाधवाने स्वतःच्या खिशात ठेवली आणि पेन खंडोजीला दिले. बेत साधा होता. खंडोजी रोज सकाळी शब्दकोडे सोडवी आणि कॉफीचा गरम लोटा त्याच पानावर ठेवी. लोटा उचलला की खाली गोल टक्कल पडलेले दिसेल, खंडोजी चक्रावेल, फोन करील. निवृत्तीनंतर, बायको गेल्यानंतर, के. आर. पुरममध्ये मुलाच्या घरी सोफ्याच्या कडेला बसून दिवस काढणाऱ्या बिंदुमाधवाला तेवढाच विरंगुळा होता. तो तीन महिने फोनची वाट पाहत राहिला. फोन आला नाही. आला तो प्रणीतचा, खंडोजीला हॉस्पिटलात ठेवल्याचा. आणि आता हा कागद.

'कुणाला कळायचं नाही,' त्याच्या मनाने त्याला सांगितले. 'सगळ्यांना वाटतंय त्यानंच केलं. वाटू दे. मेलेल्याला काय फरक पडतो.'

पाणी प्यायच्या निमित्ताने तो स्वयंपाकघराच्या दाराशी गेला. आत पद्मावती शेजारच्या गंगव्वाला सांगत होती. आवाज रडका नव्हता, कोरडा होता आणि तेच वाईट होते.

"एक्केचाळीस वर्षं, अक्का. पानावर बसले की पहिल्या घासाला म्हणायचे, मीठ स्वल्प कमी. घातलं की म्हणायचे, आता राहू दे. एक दिवस चांगलं म्हटलं नाही. हॉस्पिटलात शेवटी मला म्हणाले, पद्मा, तुला तोंडानं सांगायला जमलं नाही, म्हणून लिहून ठेवलंय. बिंदू वाचून दाखवील. मी आठ दिवस त्या कागदाची वाट बघितली." ती थांबली. "कागद पण अळणीच निघाला."

बिंदुमाधव पाणी न पिता परतला. पेटीजवळ खाली बसला. त्याला एकदम सहावीचा वर्ग आठवला आणि तो आठवायला नको होता.

सहावीत त्याने खंडोजीच्या पेनाच्या टोपणात डिंक घातला होता. कानडीचे मास्तर शुद्धलेखन घालत होते आणि खंडोजी टोपण ओढत होता, दाताने ओढत होता, बाकाला लावून ओढत होता. शुद्धलेखन संपले. सगळ्यांच्या वह्या भरलेल्या, खंडोजीची कोरी. छडी खायला उठताना तो बिंदुमाधवाकडे वळून दात खात म्हणाला, "मर, बिंद्या."

"काय म्हणालास?" मास्तरांनी कानडीत विचारले.

खंडोजीने क्षणभर विचार केला. कानडीत मर म्हणजे झाड. त्याने खिडकीबाहेर बोट दाखवले. "मर, सर. त्याला झाड दाखवत होतो."

मास्तरांना मराठी येत होती की नाही ते कधीच कळले नाही. ते म्हणाले, "झाड का? मग पाणी घाला." वर्षभर दोघांनी शाळेच्या आवारातल्या त्या होंगेच्या, म्हणजे करंजाच्या, झाडाला रोज दोन बादल्या पाणी घातले. पण छड्या एकट्या खंडोजीने खाल्ल्या. डिंक कुणी घातला ते त्याने सांगितले नाही आणि बिंदुमाधवाने तोंड उघडले नाही. पुढे तो दोघांचा खाक्याच झाला. ज्याची खोडी काढली गेली त्याने फक्त 'मर' म्हणायचे. कचेरीत दिवसाढवळ्या साहेबांसमोर म्हटले तरी कुणाला वाटे, हे दोघे कानडीत झाडाबद्दल बोलताहेत.

आता पुन्हा कोरा कागद होता आणि पुन्हा बोल खंडोजीवरच येत होता. बिंदुमाधवाला स्वतःची किळस आली. पण सगळ्यांसमोर उभे राहून 'माझ्या पेनानं केलं' म्हणायची छाती त्याला एकाहत्तराव्या वर्षीही होईना. त्याने मधला मार्ग काढला. कबुली द्यायची नाही, पण शाई परत आणायची. थंडीच हवी ना, मग थंडी मिळवू. मधला मार्ग काढणारे लोक नेहमी आगीतून फुफाट्यात जातात. हा तर फुफाट्यातून बर्फात निघाला होता.

तो गुपचूप घरातल्या फ्रिजकडे गेला. वरचा कप्पा उघडला तर आतून कोमट वारा आला आणि एक मलूल दुधाची पिशवी त्याच्याकडे बघत राहिली. फ्रिज बंद होता. घरात मोठ्या पिनेचा सॉकेट एकच, आणि त्यावर सकाळपासून खंडोजी होता.

स्वतःच्या घरी जावे तर के. आर. पुरमला जाऊन यायलाच तीन तास. शेजारच्या फ्रिजांची आशा नव्हती, कारण सगळे शेजारी इथेच सतरंजीवर बसलेले आणि त्यांची घरे कुलपात. मग तो कोपऱ्यावरच्या बेकरीत गेला. बेकरीवाला रविकिरण त्याला ओळखत होता. दारातच आईस्क्रीमचा लांबलचक डीप फ्रीझर होता. तो बघून बिंदुमाधवाचा जीव भांड्यात पडला.

"रविकिरण, एक कागद तासभर ह्यात ठेवू दे."

"कागद?" त्याने आईस्क्रीमकडे पाहिले. "कसला कागद, अंकल?"

इथे खोटे बोलायला हवे होते. पण ज्याने जन्मभर दुसऱ्यांना फसवले त्याला ऐन वेळी सरळ थाप सुचत नाही. "खंडोजीचा आहे. शेवटचा."

रविकिरणने फ्रीझरच्या झाकणावर दोन्ही हात ठेवले. "अंकल, माणूस चांगला होता. पण मयताच्या घरातनं आलेला कागद कुल्फीजवळ? गिऱ्हाईक बघतंय. बेड, अंकल, नको. तुम्ही अंघोळ पण केली नसेल. तुम्ही आधी दुकानातनं स्वल्प बाहेर उभे राहा."

खरेच होते. बिंदुमाधवाने सकाळी खंडोजीला उचलायला हात लावला होता. त्याला आज कुणीच आपल्या घरात, दुकानात किंवा बर्फात घेणार नव्हते. पावणेएक वाजला होता. उन्हात उभा राहून तो विचार करू लागला की या अख्ख्या पेठेत उणे दहाच्या खाली अशी जागा, जिथे मयताच्या माणसाला शिवाशिव नाही, कुठली असेल. आणि त्याला ती जागा आठवली. तो तिच्याशेजारीच सकाळपासून बसला होता.

पेटीची काच एकट्याने उचलत नव्हती. देवाप्पाला विचारणे भाग पडले.

"अण्णा, हा कागद त्याच्याजवळ ठेवावा म्हणतो. त्याची शेवटची आठवण."

देवाप्पाच्या डोळ्यांत पाणी आले. भाषणात उपयोगी पडेल असा प्रसंग त्याला लगेच ओळखता येई. "ह्याला म्हणतात मैत्री," तो खोलीला उद्देशून म्हणाला. चौघांनी काच उचलली. बिंदुमाधवाने कागद उलगडून, घडीची आतली बाजू वर करून, खंडोजीच्या छातीवर ठेवला. मागोमाग देवाप्पाने त्यावर शेवंतीचा जाडजूड हार घातला. काच बंद झाली.

"तासाभरानं मी परत काढून घेतो," बिंदुमाधव सहज आवाजात म्हणाला.

"काय काढून घेतोस?"

"कागद."

"वेडा आहेस का, बिंदू? प्रेताला वाहिलेलं परत घेतात होय? दिलं ते दिलं. आता ते त्याच्याबरोबरच जाणार, पाचला."

करायला गेलो गणपती आणि झाला मारुती, असे बिंदुमाधवाच्या मनात आले. मघापर्यंत कागद निदान हाताशी होता. आता तो हाराखाली, हार काचेखाली, काच देवाप्पाच्या पहाऱ्याखाली, आणि चार तासांनी सगळेच विद्युतदाहिनीत. पद्मावतीला काय सांगायचे होते ते खंडोजी खरोखरच आपल्याबरोबर घेऊन जाणार होता, आणि ते बिंदुमाधवाने स्वतःच्या हाताने त्याच्या छातीवर ठेवले होते.

तो पेटीच्या बाजूला बसून काच पुसू लागला. बाहेरून दमट हवेचे धुके धरत होते. तो उपरण्याने पुसायचा, वाकून हाराच्या पाकळ्यांमधून डोकवायचा, परत पुसायचा. समाचाराला आलेल्या बायका एकमेकींना खुणावू लागल्या. "बघा, मुखदर्शन संपतच नाही त्यांचं. भाऊ पण एवढं करत नाही." दोघींनी त्याला धरून उठवायचा प्रयत्न केला. एकीने लिंबू-पाणी आणून दिले. दीडला त्याला हाराच्या कडेशी कागदाचा एक कोपरा दिसला आणि त्या कोपऱ्यावर निळसर, धुरकट अशी एक वेलांटी. वेलांटीच होती. पुढचे सगळे शेवंतीखाली.

शाई परत येत होती. म्हणजे आत, हाराखाली, पद्मावतीसाठीचा तो शब्द या घटकेला उमटत असणार आणि वाचायला कुणी नसणार. बिंदुमाधवाने स्वयंपाकघराच्या दाराकडे पाहिले. पद्मावती उंबऱ्यावर बसून होती. ती रडत नव्हती, कुणाशी बोलतही नव्हती. तिच्याकडे बघून त्याला जे वाटले ते लाजेच्या पुढचे होते. छडी खायला उठलेला सहावीतला खंडोजी परत एकदा मास्तरांकडे चालला होता, आणि या वेळी थांबवले नाही तर परत येणार नव्हता.

तो उठला. गुडघे वाजले.

"वैनी," तो म्हणाला. "कागद कोरा नाही. त्यानं तुमच्यासाठी लिहिलं होतं. मी पुसलं."

मशीन तेवढे घुरघुरत राहिले. मग त्याने सगळे सांगितले. पेन, चिठ्ठी, कॉफीचा लोटा, फ्रिज, बेकरी, आणि ओघात सापडला म्हणून टोपणातला डिंकही. सांगायला लागल्यावर त्याला थांबता येईना. टेलिफोनच्या शाईपर्यंत आला तेव्हा पद्मावतीने हात वर केला.

"म्हणजे आत्ता दिसतंय?"

"वेलांटी दिसली."

"पेटी उघडा."

"पद्मा," देवाप्पा म्हणाला, "शास्त्राप्रमाणे एकदा वाहिलेलं—"

"काढत नाही मी. वाचते. वाचायला शास्त्राची ना नसेल. उघडा."

चौघांनी काच उचलली. गार वाफ वर आली आणि वाकलेल्या सगळ्यांचे चष्मे एकदम पांढरे झाले. पुसापुशी झाली. पद्मावतीने हार स्वतःच्या हाताने गळ्याकडे सरकवला. कागदावर फिकट निळ्या, भिजल्यासारख्या पाच ओळी उमटल्या होत्या. प्रत्येक ओळीच्या सुरुवातीला एकेकाचे नाव, पुढे दोन-तीन शब्द. कचेरीत खंडोजी काम वाटून देताना करायचा तशीच यादी. नाव आणि मजकूर यांच्यामधली खूण, स्वल्पविराम की दोन टिंबे, ती मात्र परतलीच नव्हती. शाईला तेवढी थंडी पुरली नाही.

"बिंदण्णा, तुम्हीच वाचा," ती म्हणाली. "तसंच लिहिलंय ना पाकिटावर."

बिंदुमाधवाने पहिली ओळ वाचली. ती कानडीत होती. "पद्मा. उप्पु सरी इत्तु. दिना."

मीठ बरोबर होतं. रोज.

पद्मावती पेटीच्या कडेला हात धरून उभी राहिली. मग तिने पदर तोंडाला लावला आणि सकाळपासून पहिल्यांदाच तिला रडू आले. रडता रडता ती त्या थंडगार माणसाला म्हणाली, "मग सांगायला काय झालं होतं, मेल्या." मेलेल्याला मेल्या म्हणण्यात काही चूक नव्हती. गंगव्वाने तिला जवळ घेतले. बिंदुमाधवाला पुढचे वाचवेना.

पण खाली चार ओळी उरल्या होत्या आणि समोर माणसे जमलेली होती. अशा वेळी देवाप्पाला गप्प राहणे शक्य नव्हते. त्याने बिंदुमाधवाला बाजूला केले आणि खड्या आवाजात वाचायला सुरुवात केली.

"प्रणीत. निधान. म्हणजे गाडी हळू चालव म्हणतो, बघ, बाप आहे शेवटी. सुप्रीता. कंपासपेटी माझ्या कपाटात. बघा, तिची शाळेतली हरवलेली पेटी, ह्यानंच लपवलेली. देवाप्पा. माइक बेड."

वाचून झाल्यावर त्याला अर्थ कळला. माईक नको. मागे पुन्हा रुमाल तोंडाला लागले. देवाप्पाचे कान लाल झाले. काहीतरी करून सभा परत ताब्यात घ्यायला हवी होती, म्हणून त्याने घाईने शेवटची ओळ वाचली.

"बिंदू. मर."



"मर," देवाप्पा सगळ्यांकडे वळला. वरच्या बहुतेक ओळी कानडीत, तेव्हा हीही कानडीतच, याबद्दल त्याला शंका नव्हती. "झाड. ऐकलंत? प्रत्येकाला काही ना काही वाटून दिलं, आणि बिंदूला काय दिलं, तर झाड. आपल्या मागं बिंदूनं झाड लावावं, वाढवावं. या शहरात झाडं राहिलीत कुठं? केवढा विचार बघा माणसाचा. तेराव्याला घरासमोर झाड लावायचं, बिंदू. मी सगळ्यांसमोर सांगतोय."

"सरी, अण्णा," बिंदुमाधव म्हणाला. दुसरे काय म्हणणार होता?

काच बंद केल्यावर प्रणीत त्याच्या शेजारी येऊन बसला. "काका, एक कळलं नाही. पेन तुमचं, मान्य. पण पाकिटाला एवढं ऊन लागायला हवं ना? ते अप्पांमुळेच लागलं. त्यांनी मला बजावून सांगितलं होतं, पाकीट गाडीत पुढं काचेखाली ठेव, डॅशबोर्डवर, उन्हात. बॅगेत नको, खिशात नको. तीनदा विचारलं, ठेवलंस ना? आठ दिवस गाडी हॉस्पिटलच्या उघड्या पार्किंगमध्ये तापत होती. मला वाटलं विसरू नये म्हणून सांगतायत."

 बिंदुमाधवाने खिशातून रिकामे पाकीट काढले. त्यावरची अक्षरे आठ दिवस उन्हात तापूनही जशीच्या तशी होती. ती साध्या बॉलपेनाची होती. 'सगळ्यांसमोर उघडावे. थंड डोक्याने वाचावे.' म्हणजे खंडोजीला कॉफीच्या लोट्याखालचे टक्कल जानेवारीतच दिसले होते. त्याने फोन केला नाही. पेनाची थंडीची खोड कुठूनतरी शोधून काढली आणि ते जपून ठेवले. पाकिटाला एक पेन, कागदाला दुसरे. साठ वर्षांपूर्वीचा कोरा कागद त्याने व्याजासकट परत केला होता, आणि या वेळी उठून उभे राहायची पाळी बिंदुमाधवाची होती. तो उठेल, एवढी खात्री मात्र त्याने धरली होती. नाहीतर बायकोचा शब्द त्याने त्या पेनाने लिहिला नसता. ही खात्री कशाच्या जोरावर, ते बिंदुमाधवाला कळेना. त्याने काचेतून खंडोजीच्या तोंडाकडे पाहिले. तोंड मिटलेले होते, मेलेल्या माणसाचे असते तसेच.

सुप्रीता आली, कपाटातून कंपासपेटी निघाली, रडणे झाले. पाचला खंडोजीला नेले. कागद त्याच्याबरोबर गेला. दाहिनीच्या तोंडाशी उभ्या बिंदुमाधवाच्या मनात आले की कागद जळायच्या आधी अक्षरे गेली असणार, म्हणजे कागद कोराच जळाला. मग त्याला हुंदका आला आणि आवरेना. त्याला बिंद्या म्हणणारा आता कुणी उरला नव्हता.

तेराव्याला होंगेचे रोप लागले. देवाप्पाने माईक न घेता भाषण केले आणि ते नेहमीपेक्षा लांब झाले. सोसायटीच्या पाण्याचा भरवसा नाही, रस्त्यावर गाई मोकाट, आणि यादीत नाव बिंदूचे, तेव्हा बिंदूच पाणी घालणार, असे ठरून गेले. तेव्हापासून बिंदुमाधव के. आर. पुरमहून दोन मेट्रो बदलून दिवसाआड चामराजपेटला येतो. गुडघे दुखतात. एकदा रोप गाईने खाल्ले, तेव्हा त्याने कुणाला न सांगता नवीन आणून लावले. दर रविवारी देवाप्पाचा फोन येतो.

"बिंदू, मर कसं आहे?"

"जिवंत आहे, अण्णा."

मे महिन्याच्या शेवटी एका सकाळी तो बादली घेऊन वाकला असताना पद्मावती लोट्यातून कॉफी घेऊन बाहेर आली. रोपाला तीन नवी पाने फुटली होती. 

"बिंदण्णा, एक विचारू? त्या कागदावर त्यांनी झाड नव्हतं लिहिलं ना?"

बिंदुमाधवाने बादली खाली ठेवली. थाप मारायची सोय होती. देवाप्पाने अख्ख्या समाजासमोर अर्थ लावून ठेवला होता.

"नाही, वैनी."

"मग काय लिहिलं होतं?"

"मर."

पद्मावतीने त्याच्याकडे पाहिले, मग रोपाकडे, मग परत त्याच्याकडे. कॉफीचा लोटा तिने कट्ट्यावर ठेवला.

"मग पाणी घाला," ती म्हणाली आणि आत गेली.